संसर्ग आणि कारण : मानवी पॅपिलोमा विषाणू व अन्ननलिकेचा कर्करोग यांच्या संबंधाची चिकित्सा (चंद्रपूर व गडचिरोली जिल्ह्यांच्या विशेष संदर्भात)

सारांश : मानवी पॅपिलोमा विषाणू म्हणजेच एचपीव्ही हा गर्भाशयमुखाच्या कर्करोगाचे सिद्ध कारण होय. हाच विषाणू अन्ननलिकेच्या कर्करोगासही कारणीभूत असावा, असे प्रतिपादन १९८२ पासून केले जात आहे. प्रस्तुत लेखात या प्रतिपादनामागील पुराव्याचे टीकात्मक परीक्षण केले असून, चंद्रपूर व गडचिरोली या वनप्रधान जिल्ह्यांतील आरोग्यशिक्षणाच्या दृष्टीने त्याचा काय अर्थ होतो, याचा विचार मांडला आहे.

बीजशब्द : एचपीव्ही, अन्ननलिका, कर्करोग, कार्यकारणभाव, खर्रा, गर्भाशयमुख, आरोग्यशिक्षण.

१. प्रस्तावना

एखाद्या रोगाचे कारण कोणते, हा प्रश्न वरवर पाहता केवळ वैद्यकशास्त्राचा वाटतो. परंतु कारण निश्चित झाले की उपायाची दिशा ठरते, खर्चाचा प्राधान्यक्रम ठरतो आणि दोष कोणाच्या माथी मारायचा हेही समाज ठरवून टाकतो. म्हणून कारणमीमांसेतील चूक प्रयोगशाळेपुरती मर्यादित राहत नाही. ती प्राथमिक आरोग्य केंद्राच्या भिंतीवरील फलकापर्यंत आणि आशा कार्यकर्तीच्या तोंडच्या वाक्यापर्यंत पोहोचते.

अन्ननलिकेच्या कर्करोगाबाबत ही शक्यता विशेष आहे. हा रोग उशिरा लक्षात येतो. अन्ननलिका लवचिक असल्यामुळे तिचा मार्ग बराच अरुंद होईपर्यंत घास अडकत नाही. प्रथम भाकरी किंवा कोरडा भात उतरत नाही, मग पातळ अन्नावर भागवले जाते आणि शेवटी पाणीही उतरेनासे होते. तोपर्यंत रोग्याचे वजन घटलेले असते आणि उपचाराची संधी पुष्कळशी निसटलेली असते. अशा रोगात ‘कशामुळे झाला’ या प्रश्नाचे उत्तर रोग्यापेक्षाही त्याच्या मागे राहणाऱ्या निरोगी माणसांसाठी महत्त्वाचे ठरते, कारण प्रतिबंधाचा मार्ग त्या उत्तरातूनच जातो.

चंद्रपूर व गडचिरोली हे विदर्भाच्या पूर्व टोकाचे जिल्हे. २६ ऑगस्ट १९८२ रोजी जुन्या चंद्रपूर जिल्ह्याचे विभाजन होऊन गडचिरोली हा स्वतंत्र जिल्हा अस्तित्वात आला. एकीकडे कोळसा खाणी व बल्लारपूरचा कागद कारखाना, तर दुसरीकडे एटापल्ली, भामरागड, सिरोंचा या तालुक्यांतील दाट जंगल आणि माडिया-गोंड वस्ती, असे या प्रदेशाचे दुहेरी रूप आहे. या दोन्ही रूपांना जोडणारी एक वस्तू म्हणजे पानठेल्यावर मिळणारा खर्रा. सुपारीचे तुकडे, तंबाखू आणि चुना प्लास्टिकच्या कागदात घोटून तयार होणारा हा पदार्थ खाणकामगारापासून शेतमजुरापर्यंत आणि शाळकरी मुलापासून वृद्धेपर्यंत सर्वांच्या ओळखीचा आहे. अन्ननलिकेच्या कर्करोगाची चर्चा या प्रदेशात करताना खर्रा बाजूला ठेवून विषाणूचा विचार करता येईल काय, हा प्रस्तुत लेखाचा मध्यवर्ती प्रश्न आहे.

२. प्रतिपादनाचा उगम

एचपीव्ही आणि अन्ननलिका यांचा संबंध जोडण्याची कल्पना निराधार नव्हती, हे प्रथम मान्य करावे लागते. १९७८ मध्ये ग्लासगो येथील पशुवैद्यक संशोधक विल्यम जॅरेट यांनी स्कॉटलंडच्या डोंगराळ भागातील गुरांचा अभ्यास प्रसिद्ध केला. तेथील गुरांच्या अन्नमार्गाच्या वरच्या भागात पॅपिलोमा विषाणूमुळे होणाऱ्या गाठी होत्या, आणि ब्रॅकन नावाची नेचावर्गीय वनस्पती खाणाऱ्या गुरांमध्ये त्याच मार्गाचे कर्करोग मोठ्या प्रमाणावर आढळत होते. विषाणू आणि चाऱ्यातील विषारी द्रव्य मिळून कर्करोग घडवतात, असा हा विचार होता.

त्यानंतर चार वर्षांनी, १९८२ मध्ये, फिनलंडचे विकृतिशास्त्रज्ञ कारी सिर्यानेन यांनी मानवी अन्ननलिकेच्या ६० कर्करोगांचे छेद सूक्ष्मदर्शकाखाली तपासले. त्यांपैकी २४ छेदांमध्ये त्यांना एचपीव्हीमुळे होणाऱ्या चामखिळीसारख्या बदलांशी जुळणारे पेशींचे रूप दिसले. पुढे १९८३ व १९८४ मध्ये हाराल्ड त्सुर हाऊझेन यांच्या प्रयोगशाळेत गर्भाशयमुखाच्या कर्करोगातून एचपीव्हीचे अनुक्रमे १६ आणि १८ हे प्रकार वेगळे करण्यात आले. याच कार्यासाठी त्यांना २००८ चे वैद्यकशास्त्राचे नोबेल पारितोषिक मिळाले. गर्भाशयमुख आणि अन्ननलिका या दोहोंचे अस्तर सपाट पेशींच्या थरांचे असते. एका ठिकाणी जे घडते ते दुसऱ्या ठिकाणीही घडत असावे, हा तर्क त्यामुळे स्वाभाविक होता.

तथापि, साधर्म्यावर उभा राहिलेला तर्क संशोधनाला प्रारंभ करून देतो. निष्कर्षासाठी तो पुरेसा नसतो. सिर्यानेन यांनी पाहिले ते पेशींचे रूप होते. त्या रूपामागे विषाणू आहे काय, आणि असल्यास तोच रोग घडवतो काय, हे दोन स्वतंत्र प्रश्न पुढे शिल्लक राहिले.

३. आकड्यांची विसंगती

पहिल्या प्रश्नाचे उत्तर शोधण्यासाठी पुढील तीन दशकांत जगभर अनेक अभ्यास झाले. खुद्द सिर्यानेन यांनी २००२ मध्ये त्यांचा आढावा घेतला. एका पद्धतीने तपासलेल्या १,४८५ कर्करोगांपैकी २२.९ टक्क्यांत, तर पीसीआर या अधिक संवेदनशील पद्धतीने तपासलेल्या २,०२० कर्करोगांपैकी १५.२ टक्क्यांत विषाणूचा डीएनए आढळला, असे त्या आढाव्यात नोंदले आहे. २०१३ मध्ये त्यांनीच १५२ अभ्यासांचे एकत्रित विश्लेषण केले, तेव्हा १०,२३४ कर्करोगांमध्ये हे प्रमाण ३०.६ टक्के निघाले आणि रोगी कोणत्या भूभागातील आहे यावर ते मोठ्या प्रमाणात अवलंबून असल्याचे दिसून आले.

हे आकडे विषाणूच्या बाजूने बोलतात असा प्रथमदर्शनी समज होतो. बारकाईने पाहिल्यास मात्र त्यांतून तीन अडचणी समोर येतात.

पहिली अडचण विस्ताराची आहे. काही अभ्यासांत विषाणू मुळीच सापडत नाही, तर काहींत तो निम्म्याहून अधिक रोग्यांत सापडतो. गर्भाशयमुखाच्या बाबतीत असे घडत नाही. १९९९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आंतरराष्ट्रीय अभ्यासात गर्भाशयमुखाच्या ९९.७ टक्के कर्करोगांत एचपीव्ही आढळला होता. देश बदलला, प्रयोगशाळा बदलली तरी तेथे चित्र फारसे बदलत नाही. अन्ननलिकेत ते पदोपदी बदलते.

दुसरी अडचण पद्धतीची आहे. पीसीआर ही पद्धत विषाणूच्या अत्यल्प अंशाचीही लक्षावधी पटीने वाढ करून दाखवते. तिची संवेदनशीलता हे तिचे बळ आहे, तसाच तो धोकाही आहे. अन्ननलिकेचा तुकडा तपासणीसाठी काढताना दुर्बीण तोंडातून व घशातून आत जाते. तोंडात असलेला विषाणू तिच्यासोबत आत जाऊ शकतो. प्रयोगशाळेत एका नमुन्याचा अंश दुसऱ्यात मिसळण्याचीही शक्यता असते. म्हणून केवळ डीएनए सापडणे हे त्या पेशींत विषाणू कार्यरत असल्याचे प्रमाण मानता येत नाही.

तिसरी अडचण तुलनेची आहे. रोग्यांच्या तुकड्यांत किती टक्के विषाणू आढळला हे सांगणारे अभ्यास पुष्कळ आहेत. मात्र त्याच प्रदेशातील, त्याच वयाच्या निरोगी माणसांच्या अन्ननलिकेत तो किती आढळतो, याची त्याच पद्धतीने केलेली तुलना प्रत्येक अभ्यासात नसते. एखाद्या गावातील सर्व चोर धोतर नेसतात, एवढ्यावरून धोतर हे चोरीचे कारण ठरत नाही. गावातील इतर माणसे काय नेसतात हेही पाहावे लागते.

४. कारणाची कसोटी

ब्रिटिश संख्याशास्त्रज्ञ ऑस्टिन ब्रॅडफर्ड हिल यांनी १९६५ मध्ये साहचर्य आणि कारण यांतील भेद ओळखण्यासाठी काही निकष मांडले. संबंधाची तीव्रता, निरनिराळ्या ठिकाणी येणारी एकवाक्यता, कालक्रम, मात्रेनुसार वाढणारा धोका, जैविक संभाव्यता इत्यादी बाबी त्यांत येतात. या निकषांवर एचपीव्ही आणि अन्ननलिका यांचा संबंध तपासला असता जैविक संभाव्यता सोडल्यास इतर बाजू दुबळ्या ठरतात.

जैविक संभाव्यतेचीही आता अधिक खोलवर परीक्षा झाली आहे. एचपीव्हीची कर्करोग घडवण्याची रीत ज्ञात आहे. या विषाणूची ई-६ व ई-७ नावाची दोन प्रथिने असतात. ई-६ हे पेशीतील पी-५३ या रक्षक प्रथिनाचा नाश करवते, तर ई-७ हे आरबी नावाच्या दुसऱ्या रक्षकाला निष्प्रभ करते. जेथे विषाणू खरोखर कर्करोग चालवत असतो, तेथे या दोन प्रथिनांच्या निर्मितीचा आदेश वाहणारे आरएनए रेणू पेशीत भरपूर सापडतात आणि पी-५३ चे जनुक सहसा अबाधित असते, कारण प्रथिनच नष्ट होत असल्यावर जनुक बिघडण्याची गरज उरत नाही.

अन्ननलिकेच्या सपाट पेशींच्या कर्करोगात याच्या उलट दिसते. तेथे बहुसंख्य रोग्यांत पी-५३ चे जनुकच बिघडलेले असते. २०१७ मध्ये ‘नेचर’ या नियतकालिकात कर्करोग जनुकसंच प्रकल्पाचा अन्ननलिकेवरील अभ्यास प्रसिद्ध झाला. त्यात अशा ९० कर्करोगांतील ई-६ व ई-७ च्या आरएनएचे प्रमाण पाहण्यात आले. ते विषाणूरहित कर्करोगांइतकेच क्षीण होते, आणि एचपीव्हीला कारण मानण्यास हा पुरावा पाठिंबा देत नाही, असे संशोधकांनी नमूद केले. त्यापूर्वी २०१२ मध्ये निरनिराळ्या देशांतील सहा अभ्यासांतील १,५६१ रोगी व २,५०२ निरोगी व्यक्ती यांच्या रक्तातील प्रतिपिंडांची तुलना झाली होती. तिच्यातूनही संबंधाचा केवळ मर्यादित पुरावा हाती आला.

जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने २०१२ च्या आपल्या ग्रंथात एचपीव्ही-१६ हा गर्भाशयमुख, योनी, शिश्न, गुदद्वार, मुखपोकळी आणि टॉन्सिलसह घशाचा मधला भाग यांच्या कर्करोगाचे पुरेसे सिद्ध कारण मानला. अन्ननलिकेबाबतचा पुरावा मात्र तिने अपुरा ठरवला. ‘अपुरा’ म्हणजे ‘खोटा’ नव्हे. काही थोड्या रोग्यांत विषाणूचा काही वाटा असेलही. परंतु ज्या गोष्टीचा पुरावा चार दशकांच्या शोधानंतरही अपुरा राहतो, ती गोष्ट लोकशिक्षणाचा पाया होऊ शकत नाही, एवढे निश्चितपणे म्हणता येते.

५. सिद्ध कारणे व महाराष्ट्राचे संशोधन

याउलट ज्या कारणांचा पुरावा भक्कम आहे, त्यांच्या शोधात महाराष्ट्राचा वाटा मोठा आहे, याचे स्मरण येथे आवश्यक वाटते. मुंबईत एल. डी. संघवी, के. सी. एम. राव आणि विख्यात विकृतिशास्त्रज्ञ वसंत रामजी खानोलकर यांनी तंबाखू ओढणे व चघळणे यांचा अन्नमार्गाच्या वरच्या भागातील कर्करोगाशी असलेला संबंध तपासला. हा अभ्यास १९५५ मध्ये ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्ये प्रसिद्ध झाला. सिगारेट व फुप्फुसाचा कर्करोग यांवर पाश्चात्त्य देशांत वाद चालू असतानाच मुंबईतील संशोधक चघळण्याच्या तंबाखूकडे बोट दाखवीत होते. पुढे १९७१ मध्ये डी. जे. जस्सावाला व व्ही. ए. देशपांडे यांनी तोंड, घसा, स्वरयंत्र व अन्ननलिका या चारही ठिकाणच्या कर्करोगांच्या संदर्भात चघळणाऱ्यांचा व ओढणाऱ्यांचा धोका मोजला.

आज धूरविरहित तंबाखू, सुपारी आणि मद्य ही तिन्ही अन्ननलिकेच्या कर्करोगाची सिद्ध कारणे म्हणून आंतरराष्ट्रीय पातळीवर मान्य आहेत. यांत सुपारीची नोंद विशेष महत्त्वाची आहे. तंबाखू न घालता खाल्लेला सुपारीचा विडादेखील अन्ननलिकेस घातक ठरतो, हे २०१२ च्या मूल्यमापनात स्पष्ट करण्यात आले. ६५ अंश सेल्सिअसपेक्षा अधिक तापमानाची पेये हे २०१६ मध्ये संभाव्य कारण म्हणून नोंदवले गेले. तंबाखू व मद्य एकत्र आले असता धोका केवळ बेरजेने वाढत नाही, तर गुणाकाराच्या जवळ जातो, हेही अनेक अभ्यासांतून दिसून आले आहे.

या पार्श्वभूमीवर खर्ऱ्याचा विचार केला पाहिजे. तंबाखू आणि सुपारी ही दोन स्वतंत्रपणे सिद्ध कर्ककारके त्यात एकत्र येतात. चुन्यामुळे रस क्षारयुक्त होतो आणि तंबाखूतील निकोटीन तोंडाच्या अस्तरातून अधिक सुलभतेने शोषले जाते. थुंकीबरोबर गिळला जाणारा रस अन्ननलिकेच्या अस्तरावरून रोज अनेक वेळा उतरतो. २०१६-१७ च्या जागतिक प्रौढ तंबाखू सर्वेक्षणानुसार महाराष्ट्रात धूम्रपान करणारे प्रौढ ३.८ टक्के, तर धूरविरहित तंबाखू वापरणारे २४.४ टक्के होते. म्हणजे या राज्यात तंबाखूचा प्रश्न हा प्रामुख्याने चघळण्याचा प्रश्न आहे. राज्यात २०१२ मध्ये गुटख्यावर बंदी आली. परंतु खर्रा कारखान्यात बनत नाही. तो गिऱ्हाइकासमोर घोटला जातो, आणि त्यामुळे पुडीवरील इशाऱ्याच्या व छाप्याच्या कक्षेतून सहज निसटतो.

मद्याच्या बाबतीत या दोन जिल्ह्यांचा इतिहास वेगळा आहे. लोकआंदोलनानंतर १९९३ मध्ये गडचिरोली जिल्ह्यात दारूबंदी लागू झाली. चंद्रपूर जिल्ह्यात ती १ एप्रिल २०१५ पासून लागू झाली आणि २०२१ मध्ये उठवण्यात आली. गडचिरोलीत २०१६ पासून राज्य शासन, टाटा ट्रस्ट आणि डॉ. अभय व डॉ. राणी बंग यांची ‘सर्च’ ही संस्था यांच्या सहभागातून ‘मुक्तिपथ’ हा दारू व तंबाखूनियंत्रणाचा उपक्रम सुरू झाला. बंदीच्या परिणामकारकतेविषयी मतभेद आहेत आणि मोहाच्या दारूचे आदिवासींच्या विधींतील स्थान हा स्वतंत्र अभ्यासाचा विषय आहे. परंतु रोगाच्या सिद्ध कारणांवरच सार्वजनिक प्रयत्न केंद्रित झाले पाहिजेत, हे या उपक्रमामागील तत्त्व प्रस्तुत चर्चेशी सुसंगत आहे.

६. विषाणूची खरी जागा

येथवरच्या विवेचनावरून एचपीव्हीचा प्रश्न या प्रदेशात गौण आहे, असा निष्कर्ष कोणी काढल्यास तो पूर्णतः चुकीचा ठरेल. अन्ननलिकेत ज्याचा पुरावा अपुरा आहे, तोच विषाणू गर्भाशयमुखाच्या कर्करोगाचे अत्यावश्यक कारण आहे. आणि या बाबतीत गडचिरोलीचे नाव वैद्यकीय इतिहासात यापूर्वीच नोंदले गेले आहे.

जानेवारी १९८९ मध्ये डॉ. राणी बंग व सहकाऱ्यांचा गडचिरोलीतील दोन गावांचा अभ्यास ‘लॅन्सेट’मध्ये प्रसिद्ध झाला. ६५० स्त्रियांपैकी ९२ टक्के स्त्रियांना एक वा अधिक स्त्रीरोग वा लैंगिक रोग असल्याचे तपासणीत आढळले. प्रत्येकीमागे सरासरी ३.६ रोग होते, आणि पूर्वी कधी स्त्रीरोगांसाठी तपासणी झालेल्या स्त्रिया केवळ ८ टक्के होत्या. या अभ्यासाचा विषय एचपीव्ही नव्हता. तरीही त्याने दाखवून दिलेले सत्य येथे मूलभूत आहे : प्रसूती व कुटुंबनियोजन यांपलीकडे ग्रामीण स्त्रीच्या शरीराकडे आरोग्यव्यवस्थेने पाहिलेच नव्हते. जे पाहिले जात नाही ते मोजले जात नाही, आणि जे मोजले जात नाही त्यावर उपाय होत नाही.

मोजण्याचा आणि उपायाचा मार्ग महाराष्ट्रातच सापडतो. बार्शी येथे १९८७ मध्ये भारतातील पहिली ग्रामीण कर्करोग नोंदणी सुरू झाली. तिच्या अनुभवाच्या आधारावर तत्कालीन उस्मानाबाद (आताच्या धाराशिव) जिल्ह्यात ५२ ग्रामसमूहांतील ३० ते ५९ वयोगटाच्या १,३१,७४६ स्त्रियांचा भव्य अभ्यास झाला. २००९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्याच्या निष्कर्षांनुसार, आयुष्यात एकदाच एचपीव्हीची चाचणी केलेल्या गटात गर्भाशयमुखाच्या कर्करोगाने ३४ मृत्यू झाले, तर नेहमीच्या सेवेवर ठेवलेल्या गटात ६४. या दुसऱ्या गटाला तपासणीविना ठेवणे नैतिकदृष्ट्या योग्य होते काय, यावर नंतर कठोर टीका झाली आणि ती दुर्लक्षिण्यासारखी नाही. परंतु विषाणूची एक चाचणी मृत्यू जवळजवळ निम्म्यावर आणू शकते, हे ज्ञान ज्या ग्रामीण स्त्रियांच्या सहभागातून मिळाले, त्यांच्यासारख्याच स्त्रियांपर्यंत ते पोहोचणे हे त्या ऋणाचे किमान उत्तर होय. २०१४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या मुंबईतील अभ्यासात, प्रशिक्षित आरोग्यसेविकांनी ॲसिटिक आम्ल लावून केलेल्या साध्या तपासणीनेही या कर्करोगाचे मृत्यू ३१ टक्क्यांनी घटल्याचे दिसले.

लसीच्या बाबतीतही अशीच स्थिती आहे. पुण्याच्या सीरम इन्स्टिट्यूटच्या ‘सर्व्हाव्हॅक’ या भारतीय लसीला २०२२ मध्ये मान्यता मिळाली. ती विषाणूच्या ६, ११, १६ व १८ या प्रकारांविरुद्ध आहे, आणि यांपैकी १६ व १८ हे दोन प्रकार गर्भाशयमुखाच्या सुमारे ७० टक्के कर्करोगांस कारणीभूत असतात. लसीच्या समर्थनासाठी एवढे सत्य पुरेसे आहे. तिच्या लाभांच्या यादीत अन्ननलिका जोडण्याचा मोह टाळला पाहिजे.

७. अतिरिक्त दाव्याची किंमत

हा मोह का टाळावा, याचे उत्तर इतिहासात आहे. २००९ मध्ये तत्कालीन आंध्र प्रदेशातील खम्मम व गुजरातमधील वडोदरा या जिल्ह्यांत एचपीव्ही लसीचा प्रात्यक्षिक प्रकल्प राबवण्यात आला. खम्मम हा गडचिरोलीच्या सिरोंचाप्रमाणेच गोदावरीच्या खोऱ्यातील आदिवासीबहुल भाग. एप्रिल २०१० मध्ये प्रकल्प स्थगित झाला. काही मुलींच्या मृत्यूंचा लसीशी संबंध चौकशीत सिद्ध झाला नाही. मात्र संमतीपत्रांवर पालकांऐवजी वसतिगृहांच्या अधीक्षकांच्या सह्या असल्याचे उघड झाले आणि २०१३ मध्ये संसदीय समितीने या व्यवहारावर कडक ताशेरे ओढले. लस शास्त्रीयदृष्ट्या उपयुक्त असूनही, ती ज्या रीतीने दिली गेली त्या रीतीमुळे देशात तिच्याविषयी दीर्घकाळ संशय राहिला.

यातून निघणारा बोध स्पष्ट आहे. आदिवासी प्रदेशात विश्वास हीच आरोग्यसेवेची पहिली सामग्री होय. तेथे अर्धसिद्ध दावा पूर्णसिद्ध म्हणून सांगणे हे संमतीशिवाय सुई टोचण्यासारखेच आहे. लस घेतलेल्या मुलीच्या घरातील खर्रा खाणाऱ्या माणसाला उद्या अन्ननलिकेचा कर्करोग झाला, तर ‘लसीने हा रोग टळतो’ असे सांगणाऱ्या कार्यकर्तीची पुढची दहा खरी वाक्येही कोणी ऐकणार नाही.

याला आणखी दोन बाजू आहेत. अन्ननलिकेचा कर्करोग विषाणूने होतो असे मानले गेल्यास खर्रा खाणाऱ्यास सोयीची सबब मिळते. रोग बाहेरून आला, आपण काय करणार, असे म्हणून पानठेल्याकडची वाट चालू राहते. दुसरी बाजू अधिक गंभीर आहे. एचपीव्ही हा मुख्यतः लैंगिक संपर्कातून पसरतो. पतीच्या घशात अडकलेल्या घासाचे मूळ पत्नीच्या शरीरात शोधण्याची वृत्ती आपल्या समाजात अपरिचित नाही. पुरावा नसताना असा संशय पेरणे म्हणजे आधीच तपासणीपासून दूर राहणाऱ्या स्त्रीला लज्जेच्या आणखी एका पडद्याआड ढकलणे होय. गर्भाशयमुखाच्या तपासणीसाठी तिने पुढे यावे असे वाटत असेल, तर हा संसर्ग अत्यंत सामान्य आहे, बहुतेकांच्या शरीरातून तो आपोआप नाहीसा होतो आणि तो चारित्र्याचा दाखला नव्हे, हे तिला व तिच्या कुटुंबाला सांगणे अगत्याचे आहे.

८. निष्कर्ष

उपरोक्त विवेचनावरून पुढील निष्कर्ष काढता येतात.

१) एचपीव्ही व अन्ननलिकेचा कर्करोग यांच्या संबंधाची कल्पना १९७८ ते १९८२ या काळातील विचारार्ह निरीक्षणांतून निर्माण झाली. मात्र पुढील संशोधनाने तिला निर्णायक पाठबळ दिलेले नाही. विषाणूचा अंश आढळणे आणि विषाणूने रोग घडवणे या भिन्न गोष्टी आहेत.

२) तंबाखू, सुपारी आणि मद्य ही या कर्करोगाची सिद्ध कारणे आहेत. चंद्रपूर-गडचिरोलीच्या संदर्भात अन्ननलिकेच्या कर्करोगाच्या प्रतिबंधाची सुरुवात खर्ऱ्यापासूनच व्हावी लागते.

३) एचपीव्हीविरुद्धची लस व चाचणी यांचे समर्थन गर्भाशयमुखाच्या कर्करोगाच्या भक्कम पुराव्यावर करावे. तीस वर्षांवरील स्त्रियांची तपासणी आणि मुलींचे लसीकरण यांसाठी अन्य कोणत्याही दाव्याच्या आधाराची गरज नाही.

४) आरोग्यशिक्षणाचे साहित्य तयार करताना सिद्ध, संभाव्य आणि अपुरे या तीन पायऱ्या स्थानिक भाषेत वेगळ्या दाखवाव्यात. माडिया व गोंडी बोलणाऱ्या वाचक-श्रोत्यांसाठी हे काम केवळ भाषांतराने साधणार नाही. त्यासाठी त्या भाषांतील कार्यकर्त्यांचा सहभाग लागेल.

विज्ञानातील एखादी कल्पना मागे पडणे हे विज्ञानाचे अपयश नसते. सिर्यानेन यांनी विचारलेला प्रश्न योग्य होता आणि त्याचे उत्तर शोधताना अन्ननलिकेच्या पेशींविषयी पुष्कळ ज्ञान मिळाले. परंतु प्रश्नाच्या उत्सुकतेतून निर्माण झालेले अनुमान आणि गावात सांगण्याजोगे सत्य यांच्यात जे अंतर आहे, ते राखणे ही संशोधक, अध्यापक व आरोग्यकर्मी या तिघांचीही जबाबदारी आहे. एटापल्लीच्या एखाद्या गावात आरोग्यसेविकेला एका घरी बसायला दहाच मिनिटे मिळत असतील, तर त्या दहा मिनिटांत घरातील पुरुषाला व स्त्रीला खर्रा सोडण्याविषयी, आणि स्त्रीला तपासणीविषयी सांगितले जावे. या दोन्ही गोष्टींनी जीव वाचतात, हे आज निःसंशय ज्ञात आहे.